नाताळचं हिरवं भरीत

वहिनी, मी अ‍ॅव्होकाडो कुकरला लावले. तीन शिट्ट्या काढल्या.

मुक्ता रोज तुझ्या फोटोशी बोलते, तेव्हा तुला हे एव्हाना कळलेलं असणारच. पण तुझी लेक रंगवून सांगते, म्हणून माझी बाजू माझ्याकडूनच ऐक. फळं दगडासारखी होती आणि मला गर हवा होता. कैरी दगडासारखी असते आणि पन्ह्याला गर हवा असतो, तेव्हा आपण काय करतो? कैरी उकडतो. मी अ‍ॅव्होकाडो स्वच्छ धुतले, सालासकट भांड्यात रचले, बुडतील इतकं पाणी घातलं आणि गॅससमोर हाताची घडी घालून उभा राहिलो. तुझ्या स्वयंपाकघरात, तुझ्या कुकरसमोर. स्वतःच्या हुशारीचं मला इतकं कौतुक वाटत होतं की मी शीळ घालत होतो. कुकर आणि मी, आळीपाळीनं.

तू जन्मभर गणित शिकवलंस. उत्तर चुकलं की मुलांवर ओरडायची नाहीस, फक्त विचारायचीस, "कुठल्या पायरीवर घसरलास ते दाखव." तर माझी पायरी दाखवतो. ती कुकरच्या बरीच आधीची आहे.

दादानं जाहीर केलं होतं की यंदा नाताळ नाही. तुला जाऊन जेमतेम महिना होत होता, त्यामुळे करंज्या नाहीत, रोषणाई नाही, हे कुणालाही पटलं असतं. पण त्याचं म्हणणं यंदापुरतं नव्हतंच. मुक्तानं विचारलं, "बाबा, मग नेक्स्ट इयर?" तर म्हणाला, "तो तिचा सण होता. ती गेली. आता या घरात तो कुणाचा आहे?" आयुष्यभर दिल्लीच्या मंत्रालयात फायलींवर शेरे मारले ना त्यानं, त्याच सुरात. शेरा मारला, फाइल बंद.

मग मुक्ताचा मला नोएडाला फोन आला. "काका, बेल वाजली की बाबा टीव्ही म्यूट करतात. लोक परत जाईपर्यंत हलत पण नाहीत. काल चोप्रा आंटी किती वेळ बाहेर उभ्या होत्या. मी न्यू इयरनंतर बंगलोरला गेले की यांचं काय होणार?"

तिच्या आवाजात रडू नव्हतं. मला त्याचीच जास्त भीती वाटली. मयूर विहारचा तो तिसरा मजला, आत माझा भाऊ, समोर मुक्यानं ओठ हलवणारे बातम्यावाले, आणि बाहेर माणसं बेल वाजवून जिना उतरताहेत. आणि घर कुणाचं, तर तुझं. ज्या घराचं दार नाताळच्या दिवशी मिटू नये म्हणून तू त्याला वरवंटा लावून ठेवायचीस, ते.

ती पद्धत लक्ष्मीबाई नगरच्या क्वार्टरपासूनची. दुपारी वरवंटा लागला की संध्याकाळपर्यंत कुणीही यावं, बसावं, खावं. बिहारचे, केरळचे, बंगालचे, दादाच्या ऑफिसातले, तुझ्या शाळेतले. तू अहमदनगरच्या ख्रिस्ती हेडमास्तरांची मुलगी आणि आम्ही साताऱ्याचे गणपतीवाले, तरी ताटात करंज्या, चकल्या आणि शंकरपाळेच. आमची आई पहिल्यांदा दिल्लीला आली तेव्हा तिनं ते ताट नीट निरखून घेतलं. मग म्हणाली, "म्हणजे तुमच्यात दिवाळी उशिरा येते." तू हो म्हणालीस. एवढ्यावर एक मोठा प्रश्न मिटला.

त्याच क्वार्टरमध्ये मी तुमच्या दोन खोल्यांत येऊन पडलो होतो, मोठा अफसर व्हायला. तुमच्या लग्नाला वर्ष झालं नव्हतं. आपल्या नव्या संसारात एक पायजमा घातलेला दीर कायमचा खाटेवर बसलेला आहे, ही गोष्ट तू कधी कपाळाला आठी घालून बघितली नाहीस. आणि त्या दिराचा निकाल नेमका नाताळच्या तोंडावर लागला. नापास.

दार उघडं, वरवंटा लावलेला, आणि येणारा प्रत्येक जण दादाला नमस्कार करून माझ्याकडे वळणार: "और भाई, रिझल्ट क्या रहा?" पहिला माणूस वळतच होता, तेवढ्यात तू आतून हाक मारलीस. "भाऊजी, जरा करंज्या मोजून देता का?" मी मोजल्या. आकडा सांगितला. तू म्हणालीस, "जुळत नाहीये. परत मोजा." मी परत मोजल्या. आता वेगळाच आकडा आला. "लक्ष देऊन मोजा," तू म्हणालीस आणि बाहेर जाऊन सांगितलंस, "वो अंदर बिझी हैं." संध्याकाळपर्यंत मी करंज्या मोजत होतो. आकडा कसा जुळणार? तू दर खेपेला ताट भरून बाहेर नेत होतीस आणि लोक खात होते.

मी मात्र अभिमानानं बिझी होतो. पुढच्या वर्षी परत नापास झालो तेव्हा शंकरपाळे मोजले.

ते काय होतं हे माझ्या डोक्यात शिरलं तेव्हा माझी चाळिशी उलटली होती. एका खात्यात चिकटून, टक्कल पडून, तू दाखवलेल्या सगळ्या मुलींचा नकार पचवून झाला होता. मेट्रोत उभा होतो आणि एकदम उजेड पडला. गणिताच्या बाईला करंज्या मोजायला माणूस कशाला लागतो? पण चाळिशीतल्या माणसानं वहिनीच्या घरी जाऊन "शंकरपाळे मोजायला लावल्याबद्दल आभारी आहे" म्हणायचं, तर ती पाणी आणून देणार आणि विचारणार, "ऊन लागलं का?" म्हणून राहिलं. मग राहतच गेलं. आता म्हणतो. आभारी आहे, वहिनी. दोन्ही वर्षांसाठी.

आता हिरव्या भरताकडे येतो, कारण माझी घसरलेली पायरी तिथेच आहे.

दादा एकदा सरकारी शिष्टमंडळाबरोबर परदेशी जाऊन आला होता. तिथल्या कुठल्याशा मेजवानीत त्यानं काहीतरी खाल्लं आणि ते त्याच्या डोक्यात बसलं. नाव विचारलं तर आठवेना. तुझ्या नवऱ्याला फायलींचे नंबर वर्षानुवर्षं आठवत, पदार्थाचं नाव तासभर नाही. म्हणाला, "हिरवं. मऊ. थंड. लिंबाचं. आणि मागून तिखट." एवढ्या वर्णनावर तू कामाला लागलीस. आधी दुध्याचं केलंस. "नाही. याला पाणी सुटतं." काकडीचं केलंस. "ही कोशिंबीर आहे." कच्च्या पपईचं केलंस, ते त्यानं खाल्लं, मीही खाल्लं, आणि त्याबद्दल आपण तिघंही पुन्हा कधी बोललो नाही.

मग एक दिवस आयएनए मार्केटमध्ये तुला ते काळपट हिरवं फळ दिसलं. दुकानदार म्हणाला, "मॅडम, बटर फ्रूट है, फॉरेनर लोग चटनी बनाते हैं." तू तिथेच ओळखलंस. घरी येऊन फळ चिरलंस, गर काढला, बारीक कांदा, हिरवी मिरची, कोथिंबीर, लिंबू, मीठ. दादानं एक चमचा खाल्ला आणि डोळे मिटले. म्हणाला, "हेच." तू म्हणालीस, "हे होय? हे तर भरीत आहे." मुक्तानं पुढे कधीतरी सांगितलं की जग त्याला ग्वाकामोले म्हणतं. तू म्हणालीस, म्हणू दे. आपल्या घरात त्याचं नाव हिरवं भरीतच राहिलं.

आणि ते तू नेमकं नाताळच्या ताटात आणून ठेवलंस. तोवर दादा नाताळला कसा असायचा, आठवतं ना? चांगली शाल पांघरून कोपऱ्यात उभा, सगळ्यांत शहाणा पाहुणा. लोकांना म्हणायचा, "आज हिचा सण आहे." गणपतीत तू अस्संच म्हणायचीस, "यांचा गणपती," आणि उकडीचे मोदक मात्र तुझेच वळलेले. भरीत आलं आणि दादाला काम मिळालं. एक सोडून दोन.

पहिलं काम अढीचं. फळं कच्ची मिळायची आणि दिल्लीच्या डिसेंबरात ती पिकायला तयार नसायची. दादा म्हणाला, "फळच आहे ना? मग अढी घालायची." साताऱ्यात आंब्याची अढी घालायला पेंढा असतो. मयूर विहारमध्ये पेंढा कुठला? मग वर्तमानपत्राचा कागद, तांदळाचा डबा, वर तुझी जुनी लोकरीची शाल आणि डबा फ्रिजच्या डोक्यावर, तिथे ऊब असते म्हणून. नाताळच्या आठवडाभर आधीपासून हा माणूस रोज ऑफिसला जाण्याआधी डब्यात हात घालून एकेक फळ अंगठ्यानं दाबून बघायचा, वैद्यानं नाडी बघावी तसा, आणि आपल्याला बातमी द्यायचा. "दोन तयार. एक अजून रुसलंय."

दुसरं काम ठेचण्याचं. तू मिक्सर लावू द्यायची नाहीस. पावभाजीच्या मॅशरनं तो ठेचायचा, तू शेजारी उभी राहून एकेक गोष्ट घालायचीस, अंदाजानं. वर्गात अर्धा मार्क न सोडणारी बाई, आणि इथे मिठाला माप नाही, लिंबाला माप नाही. दादा चव बघायचा आणि तुझ्याकडे मान वळवून विचारायचा, "मीठ?" तू चिमूट सोडायचीस.

आणि मी शेजारी उभा राहून म्हणायचो, "याला फोडणी दे."

हा वाद तू अर्धवट टाकून गेलीस, वहिनी, याचा मला राग आहे. माझं म्हणणं साधं होतं. भरीत म्हणताय, तर भरताला फोडणी असते. हिंग, मोहरी, जमलं तर वर दाण्याचं कूट. तू म्हणायचीस, "भाऊजी, तुम्ही केकला पण फोडणी द्याल." मी म्हणायचो, देऊन बघितल्याशिवाय कसं कळणार? तू म्हणायचीस, "गरम तेल लागलं की हे कडू होतं." मी विचारायचो, तू करून बघितलंस का? "नाही. काही गोष्टी न करता कळतात." गणिताच्या बाईनं असं बोलावं? पुराव्याशिवाय? दर वर्षी मी विचारायचो आणि दर वर्षी तू दादाच्या हातातला मॅशर घेऊन माझ्या बोटांवर मारायचीस, हलकेच, वर्गात पोरांना पट्टी मारतात तसा. गेल्या नाताळला म्हणाली होतीस, "एक वाटी तुमच्यासाठी बाजूला काढते पुढच्या वेळी. घाला काय घालायचं ते." मी जिंकलो म्हणून घरभर सांगत फिरलो.

पुढच्या वेळी. असो.

हॉस्पिटलात तुझ्याशेजारी बसायचो तेव्हा मी सारखा बोलत होतो. सोसायटीतली भांडणं, नोएडातल्या माकडांनी माझ्या गच्चीवरून पळवलेली पॅन्ट, काय वाट्टेल ते. बोलायचं वेगळंच होतं, म्हणून हे सगळं बोलत होतो. तू डोळे मिटून होतीस. एकदा म्हणालीस, "भाऊजी, गप्प बसलात तरी मला कळतं तुम्ही आलात ते." मग मी गप्प बसलो. माझ्या आयुष्यात मला इतक्या प्रेमानं कुणी गप्प केलेलं नाही.

तर, नाताळची सकाळ. माझा बेत असा होता की दादाला समजवायचं नाही. समजवण्यात मी कच्चा, आणि तो ऐकण्यात त्याहून. नुसते अ‍ॅव्होकाडो न्यायचे, मुक्ताच्या हातात द्यायचे. ठेचायची वेळ आली की तो आपोआप खुर्चीतून उठेल. इतक्या वर्षांची सवय, हाताला राहवणार नाही. बेत चांगला होता. फक्त अढी कुणी घातली नव्हती आणि ती घालावी लागते हे मी साफ विसरलो. अढी हे दादाचं खातं, आणि दुसऱ्याच्या खात्यात मी कधी डोकं घातलं नाही. थेट त्या दिवशी सकाळी आयएनए मार्केटमध्ये जाऊन उभा राहिलो. दुकानदारानं फळं तोलून दिली आणि म्हणाला, "चार-पाँच दिन रखिए, सर." मी म्हटलं, "आज ही खाना है." त्यानं माझ्याकडे असं बघितलं की दुसऱ्या कुणालाही शंका आली असती.

घरी पोहोचलो. दादा खुर्चीत, टीव्ही चालू. पिशवी बघून म्हणाला, "काय आणलंस?"

"भाजी."

"मी सांगितलं होतं यंदा काही करायचं नाही."

"भाजी आणली म्हटलं ना."

त्यानं टीव्हीचा आवाज वाढवला. मी आणि मुक्ता स्वयंपाकघरात गेलो. तिनं एक फळ दाबून बघितलं, मग सुरीनं टोचून बघितलं, सुरी आत जाईना. म्हणाली, "काका, आता?" तिच्या तोंडाकडे बघून मला वाटलं, आज काहीतरी करून दाखवलंच पाहिजे. आणि मला कैरी आठवली.

कुकर उघडला तेव्हा आधी वास आला. तो कशाचा होता ते नीट सांगता येणार नाही. उकडलेली अंडी आणि ओली गोणी यांच्या मधला कुठला तरी. आत हिरवं काही उरलं नव्हतं. सालं काळी, गर राखाडी. मुक्तानं धीर करून बोटावर घेऊन चाटलं आणि सिंककडे धावली. मीही चाटलं. वहिनी, कारलं बरं. तू म्हणाली होतीस ना, गरम लागलं की कडू होतं? पुराव्याशिवाय? घे पुरावा.

तेवढ्यात दारात दादा. "शिट्ट्या कसल्या येत होत्या? भात लावलास?"

मी म्हटलं, "नाही. ते आपले... अ‍ॅव्होकाडो."

तो पुढे आला. कुकरमध्ये डोकावला. चिमट्यानं एक फळ उचललं, ते चिमट्यातच फाटून परत पाण्यात पडलं. महिनाभरात मी त्याचा आवाज चढलेला ऐकला नव्हता.

"अढी घालतात, गाढवा. अढी घालतात. उकडतोस काय? बटाटे आहेत?"

"वेळ नव्हता."

"वेळ नव्हता म्हणे. तिनं एवढी वर्षं केलं, तू इथे उभा राहून खाल्लंस, डोळे काय गहाण टाकले होतेस?"

मुक्ता सिंकपाशी तोंड पुसत म्हणाली, "बाबा, अढी म्हणजे?"

"तुला अढी माहीत नाही? मी दर वर्षी फ्रिजवर काय ठेवत होतो?"

"मला वाटलं तो तांदळाचा डबा आहे."

तो तिला सांगायला लागला, रागानं, कागद कसा, शाल कशी, केळं मध्ये ठेवायचं की नाही. आणि बेल वाजली.

आम्ही तिघंही जागच्या जागी थांबलो. बाहेरच्या खोलीत टीव्ही चालू होता. दादा तो तसाच सोडून उठून आला होता, वाढवलेल्या आवाजासकट. एक बातमीवाला गळा काढून ओरडत होता. शिवाय आमचा आरडाओरडा. आता घरात कुणी नाही असं दाराबाहेरच्या माणसाला कसं वाटणार? दादा रिमोटसाठी हातानं चाचपडला. रिमोट खुर्चीवर. हातात चिमटा.

"भाईसाहब," बाहेरून शेजारच्या चोप्रा भाभींचा आवाज आला, "आवाज आ रही है अंदर से."

सापडला बिचारा. चिमटा हातात घेऊनच दार उघडलं त्यानं. भाभी स्वेटरवर शाल, शालीवर मफलर अशा उभ्या होत्या. म्हणाल्या, "मुझे पता है इस बार कुछ नहीं है. खाने नहीं आई हूँ. घर में बैठा नहीं गया."

दादा दारातून बाजूला झाला. त्या आत आल्या, नेहमीच्या जागी बसल्या, आणि तुझ्या फोटोला हात जोडून म्हणाल्या, "इतने साल से हमारा बड़ा दिन तो यहीं होता है ना. और कहाँ जाऊँ?"

साध्या सुरात बोलल्या त्या, कुणी पाणी मागावं तसं. दादाला उद्देशूनही नव्हतं ते. मी त्याच्याकडे बघणार नव्हतो, पण बघितलं. तो चिमटा उघडत होता, मिटत होता. मग भाभींनी विचारलं, "ये स्मेल किस चीज की है?"

"इसने बनाया है," दादा म्हणाला आणि चिमटाच माझ्याकडे रोखला. मग आत वळून मुक्ताला म्हणाला, "मटार आहेत का गं?"

मटार होते. डिसेंबरात दिल्लीतल्या कुठल्या घरात मटार नसतात? मुक्तानं पुलावासाठी आणलेली पिशवीच्या पिशवी होती. दादानं ती भाभींच्या पुढ्यात ओतली. "आप छीलिए. हिरवंच करायचं आहे ना, मग हे हिरवंच आहे." शेवटचं वाक्य मराठीत, भाभींना. त्यांना कळलं.

दार लोटायचं राहून गेलं होतं. थंडी आत येत होती आणि थंडीमागून माणसं. वरच्या मजल्यावरचे, समोरच्या ब्लॉकमधले, तुझी एक जुनी विद्यार्थिनी आपल्या नवऱ्याला घेऊन. दार बंद मिळेल असंच धरून आलेले, नुसता जिना चढून परत जायला. उघडं बघून दारातच घुटमळायचे. दादा प्रत्येकाला "आइए" म्हणायचा आणि शेंगांची मूठ हातात द्यायचा. पुढे काय बोलावं हे त्यालाही सुचत नव्हतं आणि त्यांनाही, आणि सोलताना बोलावं लागत नाही. सतरंजीवर गोल करून एवढी मोठी माणसं शेंगा सोलत बसली होती. तुझ्याबद्दल कुणी भाषण केलं नाही. एकानं फक्त सांगितलं की तू त्याच्या मुलाला भागाकार शिकवलास आणि त्या पोराला आता भागाकाराशिवाय काही येत नाही.

मटार वाफवले. या खेपेला कुकरला हात मुक्तानं लावला, मला लांब उभं केलं. दादानं मॅशर घेतला. पुढे काय घालायचं ते एकट्या कुणालाच पूर्ण ठाऊक नव्हतं. मुक्ता म्हणाली, आई कांदा मीठ लावून पिळून घ्यायची. मी म्हटलं, मिरची बियांसकट, कारण बिया काढ म्हणून मी एकदा भांडलो होतो. भाभी बाहेरून ओरडल्या, "नींबू आखिर में, वो आखिर में डालती थी." दादा ठेचत होता. थांबला. चमच्यानं चव घेतली आणि डावीकडे मान वळवून विचारलं, "मीठ?"

डावीकडे ओटा होता. मग मुक्तानं पुढे होऊन चिमूट सोडली. त्यानं परत चव घेतली आणि मान हलवली, तुझ्यासाठी हलवायचा तशी.

चवीला कसं होतं विचारशील तर, खरं सांगतो, तुझ्या भरताच्या शेजारीही बसणार नाही. पण लोकांनी बोटं चाटून संपवलं. आणि वहिनी, मी एक वाटी बाजूला काढली. गुपचूप. हिंग, मोहरी, वर चमचाभर कूट. फोडणी छान लागते. सांगायला वाईट वाटतंय, पण फार छान लागते. तू म्हणशील, भाऊजी, तो मटार होता, तो धरायचा नाही. बरोबर आहे. म्हणजे वाद मिटलेला नाही. मला तो मिटायला नकोच आहे.

अंधार पडायच्या सुमाराला सगळे निघाले. भाभी शेवटी. त्यांनी जाताना टरफलांची पिशवी उचलली, गाईला देते म्हणाल्या. मुक्ता भांडी घासत होती आणि गुणगुणत होती, तिचं तिला कळत नव्हतं. तुला हे एवढ्यासाठी लिहिलं की तुझ्या मागं ते घर कुणाचं राहणार, याची मला फार धास्ती होती. ती आता थोडी कमी आहे. आणि जे काही चाललं आहे ते तू घडी घालून ठेवलेल्या गोष्टींवर चाललं आहे. आम्ही नुसते त्या उघडतो आहोत, वेंधळेपणानं.

मीही चपला घातल्या. दादा दारापर्यंत आला. इतक्या दिवसांत पहिल्यांदा कुणाला पोहोचवायला आला होता. मला वाटलं, आता काहीतरी बोलेल, दोन भावांमध्ये कधीतरी बोललं जावं असं काहीतरी. मी थांबलो. घसाही साफ केला.

तो म्हणाला, "नंद्या, पुढच्या नाताळला रिकाम्या हातानं ये. खायला घालीन. पण कशाला हात लावलास तर बाहेर काढीन."